भाजलेल्या टमाटर-मिरचीचा रोमेस्को: तुमचे प्रश्न, माझी उत्तरं

मागच्या अंकात स्पेनच्या रोमेस्को सॉसबद्दल मी दहा-बारा ओळी लिहिल्या होत्या, भाजलेले टमाटर, लाल सिमला मिरची, लसूण अन बदाम एकत्र वाटून करतात तो, आणि मला खरंच वाटलं नव्हतं की नागपुरातून इतके जण लगेच करून पाहतील. प्रश्नांचा ढीग आला. कुणाचा सॉस पातळ झाला, कुणाचा कडू, एका काकूंचा तर इतका तिखट झाला की घरात कोणी हात लावला नाही. म्हणून या वेळी दुसरा विषयच घेत नाही. सारखे प्रश्न एकत्र केलेत, नावं दिली नाहीत, नुसती वस्ती लिहिली आहे.

प्रश्न (प्रतापनगर): ताई, तुम्ही प्रमाण दिलंच नाही. आणि ही नेमकी चटणी आहे की ग्रेव्ही? मी वाटून झाल्यावर कढईत तेलावर परतली, तर चव आपल्या पनीरच्या भाजीच्या मसाल्यासारखी आली.

प्रमाण राहिलं ही माझी चूक, आता नीट देते. पण आधी परतण्याचं बोलू, कारण तिथंच सगळं बदललं. रोमेस्को स्पेनच्या ईशान्येला कातालोनिया म्हणून भाग आहे तिथला, भूमध्य समुद्रावर तारागोना नावाचं बंदर आहे अन तिथल्या एल सेराल्यो या कोळ्यांच्या वस्तीशी याचं नाव जोडतात. तिकडे याच नावाचा माशांचा रस्साही होतो, त्यात हे वाटण शिजते, पण आपण ज्या सॉसबद्दल बोलून राहिलो त्यात प्रत्येक गोष्ट आधी वेगवेगळी भाजायची किंवा तळायची, मग वाटायची, अन वाटल्यावर परत आचेवर ठेवायचीच नाही. तुम्ही परतलं म्हणून बदामाचं तेल सुटलं, व्हिनेगरचा आंबटपणा उडाला अन कांदा-टमाटरच्या ग्रेव्हीची चव आली. आपल्याकडे भेदराची चटणी करतात ना, टमाटर गॅसवर भाजून, लसूण अन दाणे घालून खलबत्त्यात कुटलेली, तिच्या जवळची ही गोष्ट आहे, म्हणजे चटणी म्हटलं तरी काही बिघडत नाही.

आता प्रमाण, चार-पाच जणांना पुरेल असं. टमाटर 4 मध्यम, साधारण 400 ग्रॅम, लाल सिमला मिरची 2 मोठ्या, बदाम 40 ग्रॅम अन हेझलनट मिळाले तर 20 ग्रॅम, नाही मिळाले तर बदामच 60 ग्रॅम घ्या. लसणाच्या 6 पाकळ्या सालासकट भाजायला अन 1 पाकळी कच्ची. शिळ्या ब्रेडची 1 स्लाइस. ब्याडगी मिरच्या 3, बिया काढून. व्हिनेगर दीड ते दोन मोठे चमचे, ऑलिव्ह तेल पाव कप अन स्लाइस तळायला वेगळं थोडं, मीठ पाऊण लहान चमचा घालून मग चाखून वाढवा. मी साखर घालत नाही, टमाटर नीट भाजला तर गरज पडत नाही.

क्रम असा ठेवा की टमाटर अन लसूण आधी भाजायला लावायचे कारण त्यांना वेळ लागतो, तोवर ब्याडगी गरम पाण्यात भिजवायची, मग सिमला मिरची गॅसवर, मग बदाम, शेवटी त्याच कढईत ब्रेड तळून सोनेरी करायचा. मिक्सरमध्ये पहिले बदाम अन ब्रेड कोरडेच फिरवून रव्यासारखे करा, मग लसूण अन मिरच्या, टमाटर सगळ्यात शेवटी. टमाटर पहिले टाकले की बदाम त्या पाण्यात तरंगत राहतात अन बारीक होतच नाहीत. सॉस एकदम गुळगुळीत नको, चमच्यात घेतला तर बारीक रवाळपणा जिभेला लागला पाहिजे. तिकडेही जुनी पद्धत खलबत्त्यातलीच आहे, घरी दगडी खल असेल तर एकदा त्यात करून पाहा, हात दुखतो पण फरक कळतो.

प्रश्न (मानेवाडा): मिरची गॅसवर भाजली पण सालं निघता निघेना, शेवटी नळाखाली धुतली. टमाटर पण गॅसवरच भाजले. सॉस पाणचट झाला अन वरून जळका वास. कुठे चुकलं?

या एका प्रश्नात तीन-चार गोष्टी आहेत अन हाच सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न आहे, म्हणून लांब उत्तर देते.

सिमला मिरचीचं साल निघत नाही त्याचं कारण बहुतेक वेळा अर्धवट भाजणं असते. आपण वांगं भाजतो तेव्हा बिनधास्त काळं करतो, मिरचीला मात्र जीव खातो, दोन-चार डाग पडले की उतरवतो. नाही. मोठ्या आचेवर, चिमट्यानं फिरवत, चारही बाजूंनी कोळशासारखी काळी होऊ द्या, देठाकडचा भाग अन खालचे खळगे पण, ज्या जागी लाल राहिली त्या जागी साल चिकटूनच राहणार. एका मिरचीला 8 ते 10 मिनिटं लागतात. मोठी आच यासाठी की साल पटकन जळते अन आतला गर नुसता मऊ होतो, मंद आचेवर ठेवली तर गरच सुकून सालाला चिकटतो. मग लगेच डब्यात किंवा गंजात टाकून वर घट्ट झाकण, 15 मिनिटं हात लावायचा नाही. आतल्या वाफेनं साल गरापासून सुटते, तेव्हा बोटानं नुसतं सरकवलं तरी उतरते.

धुवायची नाही, हे मी हात जोडून सांगते. नळाखाली धरली की वरचा जो गोडसर, धुरकट रस असतो तो सगळा सिंकमध्ये जातो, म्हणजे ज्यासाठी एवढं भाजलं तेच वाहून गेलं. बोटं बुडवायला बाजूला वाटीत पाणी ठेवा अन बोटं धुवा, मिरची नाही. एखाद-दुसरा काळा कण राहिला तर राहू द्या, त्यानं कडू होत नाही. जळका वास आला असेल तर खूप सारं काळं साल सॉसमध्ये गेलं असेल किंवा लसूण जळला असेल, लसणाचं जरूर तपासा, कारण जळलेल्या लसणाची एक पाकळी पूर्ण वाटण खराब करते. सालासकट तव्यावर मंद आचेवर, 12-15 मिनिटं, दाबली की आतून लोण्यासारखी लागली पाहिजे. मिरची झाकल्यावर डब्याच्या तळाशी जो चमचाभर रस जमतो तो मात्र फेकू नका, गाळून सॉसमध्ये घाला.

आता टमाटर. टमाटरमध्ये 95 टक्क्यांच्या आसपास पाणी असते. अख्खा टमाटर गॅसच्या ज्वाळेवर धरला की वरचं साल जळते अन आत सगळं पाणी तसंच राहते, चटणीला ते चालते कारण ती आपण लगेच भाकरीसोबत संपवतो, पण इथे तेच पाणी बदाम अन तेलाची पकड सोडवते अन थोड्या वेळानं वाटीत कडेनं पाणी दिसायला लागते. म्हणून टमाटर अर्धे कापा, थोडं मीठ अन तेल लावा, कापलेली बाजू वर ठेवून ओव्हनमध्ये 200 डिग्रीवर 40 मिनिटं, कडा सुरकुतून तपकिरी झाल्या पाहिजेत. पाणी असेपर्यंत पदार्थ 100 डिग्रीच्या वर फारसा जातच नाही, नुसता उकडतो, ते पाणी उडालं की मगच कडा भाजायला लागतात अन तो खरपूस गोडवा येतो. एवढं एक लक्षात ठेवलं तर रोमेस्कोच काय, वांगं असो की कांदा, भाजायचं सगळंच सुधरते. ओव्हन नसेल तर जाड तव्यावर कापलेली बाजू खाली, मध्यम आच, झाकण ठेवायचं नाही, झाकणाची वाफ परत टमाटरवर पडते.

टमाटर घेताना लांबट, कडक, गर जास्त अन रस कमी असे निवडा. गोल, रसदार, आंबट असतात ते सारासाठी छान पण इथे नको. हिवाळ्यात कॉटन मार्केटला सकाळी गेलात तर असे ढिगानं दिसतात, पूर्ण लाल झालेले घ्या, एखादा कच्चट असेल तर घरी दोन दिवस टोपलीत ठेवून पिकवा, फ्रीजमध्ये नाही.

प्रश्न (धरमपेठ): स्मोक्ड पाप्रिका अन ती स्पेनची सुकी मिरची इथे कुठून आणायची? मी घरचं वर्षाचं तिखट दोन चमचे घातलं तर डोळ्यातून पाणी आलं.

काकू, घरचं तिखट इथे नकोच. आपलं तिखट सावजी रश्श्यासाठी, वांग्याच्या भाजीसाठी, त्याचं काम ठसका देण्याचं आहे अन ते तिथे शोभते. रोमेस्कोतल्या मिरचीला तिखटपणा जवळपास नसतो, तिच्याकडून रंग, गोडवा अन सुक्या मिरचीचा तो मनुकांसारखा गडद वास हवा असतो. तिकडच्या मिरचीचं नाव न्योरा, लहान, गोल, लाडवाच्या आकाराची, सुकवलेली. ती भिजवतात, उभी चिरतात अन चमच्यानं आतला गर खरवडून घेतात, साल फेकतात. जुन्या पद्धतीत ही न्योराच मुख्य असते, लाल सिमला मिरची नंतर बाहेरच्या स्वयंपाकघरात जास्त रुळली कारण न्योरा सगळीकडे मिळत नाही. तुम्हाला जी अडचण आली तीच त्यांना पण आली अन त्यातून आजचा सॉस झाला.

आपल्याकडे न्योराच्या सगळ्यात जवळ जाते ती कर्नाटकची ब्याडगी, सुरकुतलेली, रंगानं लालभडक अन तिखट कमी. इतवारीत मिरची-मसाल्याच्या कुठल्याही जुन्या दुकानात मिळते. काश्मिरी पण चालते. आपली भिवापूरची मिरची मला फार प्रिय आहे, जिल्ह्यातली आहे, जीआय म्हणजे भौगोलिक मानांकन मिळालेली आहे, पण या सॉससाठी मी ब्याडगीच घेते. बिया अन आतल्या पांढऱ्या शिरा पूर्ण काढा, तिखटपणा मुख्यतः त्या शिरांमध्ये असतो, मग गरम पाण्यात 20 मिनिटं भिजवा. न्योरासारखाच चमच्यानं गर खरवडून घेतला तर फारच छान, ब्याडगीचं साल पातळ अन चिवट असते, ते मिक्सरमध्ये पूर्ण वाटल्या जात नाही अन दाताखाली कागदासारखं लागते.

धुराच्या वासाचं म्हणाल तर स्पेनमध्ये ला वेरा भागात मिरच्या ओकच्या लाकडाच्या धुरावर सुकवतात, त्याची पूड म्हणजे ती स्मोक्ड पाप्रिका. मोठ्या सुपरमार्केटमध्ये बाटली मिळते, मिळाली तर अर्धा लहान चमचा घाला. नाही मिळाली तरी अडत नाही, मिरची कोळशावर भाजली तर धूर आपोआप येतो, अन गॅसवरच भाजली असेल तर तयार सॉसच्या गंजात वाटी ठेवून, त्यात पेटलेला निखारा अन दोन थेंब तेल, वर झाकण, दोन मिनिटं. जास्त वेळ ठेवू नका, कोळशाचाच वास येईल.

अन एक गोष्ट सांगावीशी वाटते. टमाटर अन मिरची दोन्ही मूळचे अमेरिका खंडातले, 1492 नंतर स्पेनच्या जहाजांतून युरोपात गेले अन पोर्तुगीजांच्या हातून आपल्याकडे आले. म्हणजे आपल्या आजीच्या आजीच्या आजीच्या ताटात कधीतरी मिरची नवी होती. त्यामुळे कुणी म्हटलं की हे कुठलं परदेशी खूळ, तर त्यांना हे सांगा.

प्रश्न (हिंगणा रोड): बदाम महाग पडतात, दाणे चालतील का? आणि जवस?

दाणे चालतील, पण मग तो दाण्याच्या चवीचा सॉस होईल हे धरून चाला. दाण्याचा वास फार पुढे येतो अन आपली जीभ त्याला इतकी ओळखते की लगेच चटणी आठवते. मी केलेलं सांगते, अर्धे बदाम अर्धे दाणे घेतले, दाण्याची सालं पूर्ण पाखडून काढली, तर चव बरीच जवळ आली. सगळेच दाणे घेतले तर प्रमाण 60 वरून 45 ग्रॅमवर आणा अन व्हिनेगर थोडं वाढवा. काजू नको, काजूनं सॉस मलईसारखा होतो अन भाजल्याची चव झाकल्या जाते. अक्रोडाचं साल तुरट लागते.

जवस मात्र मी घालणार नाही ताई. जवसाची चटणी कुटावी ती वेगळी, पण ओल्या वाटणात जवस गेली की ती पाणी ओढून चिकट होते, सॉसला तार सुटते.

भाजायचं म्हणाल तर कढई मंद आचेवर, 8 ते 10 मिनिटं, सारखं हलवत. एक बदाम तोडून पाहायचा, आत पांढऱ्याऐवजी फिकट बिस्किटाचा रंग आला की लगेच ताटात काढायचे, कढईत ठेवले तर बंद केल्यावरही भाजत राहतात. वाटायच्या आधी पूर्ण गार होऊ द्या नाहीतर तेल सुटून लगदा होईल. अन बदाम आणल्यावर एक खाऊन पाहा. आपल्याकडे एप्रिल-मेच्या उकाड्यात डब्यात राहिलेला सुका मेवा फार लवकर खवट होतो, त्या खवटपणाला मग ना व्हिनेगर झाकत ना मीठ. उन्हाळ्यात मी सगळा मेवा फ्रीजमध्येच ठेवते.

प्रश्न (खामला): आमच्या मुलाला सुक्या मेव्याची अॅलर्जी आहे. त्याच्यासाठी काही होईल का?

होईल. सूर्यफुलाच्या अन कोहळ्याच्या सोललेल्या बिया अर्ध्या-अर्ध्या, एकूण 50 ग्रॅम, तशाच मंद भाजून. चव थोडी मातकट होते म्हणून लसूण अन ब्याडगी जरा वाढवा. पण ताई, बिया त्याला चालतात का हे आधी डॉक्टरांना विचारा, काहींना तिळाची पण अॅलर्जी असते. अन त्याच मिक्सरच्या भांड्यात आधी बदाम वाटले असतील तर नुसतं विसळून भागत नाही, रबराच्या रिंगखाली कण राहतात, भांडं वेगळंच ठेवा.

प्रश्न (त्रिमूर्तीनगर): महागाचं एक्स्ट्रा व्हर्जिन ऑलिव्ह तेल आणलं, सगळं मिक्सरमध्ये टाकून फिरवलं, अन सॉस कडू झाला. तेल खराब होतं का?

तेल बहुतेक चांगलंच होतं. माझ्याकडूनही पहिल्या वेळी हेच झालं, पाहुणे यायचे होते अन पूर्ण वाटीभर सॉस वाया गेला, खूप वाईट वाटलं होतं. एक्स्ट्रा व्हर्जिन तेलात कडसर द्रव्यं नैसर्गिकच असतात, पॉलिफेनॉल म्हणतात त्यांना, तेल अख्खं असते तेव्हा ती फारशी जाणवत नाहीत, पण मिक्सरच्या पात्यानं जोरात, बराच वेळ फिरवलं की तेलाचे अगदी बारीक थेंब होतात अन तो कडवटपणा मोकळा होतो. उपाय सोपा आहे. बाकी सगळं वाटून घ्या, सॉस वाडग्यात काढा, अन तेल शेवटी हातानं, चमच्यानं हलवत, बारीक धारेनं घाला. दोन-तीन मिनिटं लागतात. बदाम अन ब्रेड ते तेल धरून ठेवतात, सॉस चकचकीत होतो.

ऑलिव्ह तेल नसेल तर घाणीचं शेंगदाणा तेल घेऊ शकता, चव वेगळी पण छान. मोहरीचं किंवा जवसाचं तेल नको. व्हिनेगर तिकडे हेरेझ शहराकडचं शेरी व्हिनेगर वापरतात, आपल्याला अॅपल सायडर व्हिनेगर सहज मिळते, तेच घ्या. साधं पांढरं व्हिनेगर तिखट आंबट असते, त्याचं प्रमाण अर्धं करा अन चाखत वाढवा. लिंबू पिळलं तर सॉस लगेच आपल्या कोशिंबिरीच्या दिशेनं जातो, मला नाही आवडत, तुम्हाला आवडलं तर जरूर पिळा.

प्रश्न (महाल): ब्रेड टाळायचा आहे, घरात गहू चालत नाही.

कालची ज्वारीची भाकरी घ्या, तळहाताच्या अर्ध्याएवढा तुकडा, कडकडीत होईपर्यंत तव्यावर शेका अन थोड्या तेलात परता. मी केलंय, छान धरते. तेही नको असेल तर 15 ग्रॅम बदाम वाढवा.

प्रश्न (सक्करदरा): हा सॉस खायचा कशासोबत? आमच्याकडे मासे होत नाहीत.

मला या प्रश्नाची वाटच होती. कारण तारागोनाजवळच वाल्स नावाचं गाव आहे अन तिथे या सॉसच्या सख्ख्या बहिणीसोबत, साल्विचाडा म्हणतात तिला, जे खातात ते ऐकलं की तुम्हाला आपल्या शेतातल्या भरीत पार्टीचीच आठवण येईल. काल्सोत म्हणून एक लांब पातीचा कांदा ते लावतात. आधी कांदा वाढवतात, मग तोच कांदा परत जमिनीत लावतात अन त्याला कोंब फुटले की भोवती माती चढवत जातात, म्हणजे दांडा लांब, पांढरा अन गोड राहतो. माती चढवण्याच्या त्या क्रियेवरूनच नाव पडलं. हिवाळ्यात तो उपटायचा अन द्राक्षाच्या वेलींची छाटणी झाल्यावर ज्या काड्या उरतात त्यांच्या जाळावर टाकायचा, बाहेरून पूर्ण काळा होईपर्यंत. मग वर्तमानपत्रात गुंडाळून ठेवायचा, आतल्या वाफेत तो मऊ होतो, कौलावर मांडून वाढतात. खाणारा गळ्यात कापड बांधतो, एका हातानं काळं साल ओढून काढतो, आतला मऊ पांढरा कांदा सॉसमध्ये बुडवतो, मान मागे टाकून वरून तोंडात सोडतो. हात काळे, तोंड लाल. जानेवारीच्या शेवटच्या रविवारी वाल्समध्ये याचा मोठा सण असतो.

आता सांगा, आपण पऱ्हाटीच्या जाळावर वांगी भाजतो ते वेगळं काय आहे! कापूस वेचून झाला की शेतात पऱ्हाटी उरते, त्यांच्याकडे द्राक्षाची छाटणी उरते, दोघांनीही शेतातल्या उरलेल्या काड्यांवर भाजी जाळली अन दोघांनाही कळलं की काळ्या सालाच्या आत भाजी स्वतःच्याच वाफेत शिजते. आपल्या भरितात पातीचा कांदा अन कच्चं तेल, त्यांच्या सॉसमध्ये बदाम अन कच्चं तेल. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा इतका आनंद झाला की त्याच थंडीत शेतावर आम्ही वांग्यांसोबत पातीचे कांदे पण पऱ्हाटीवर टाकले. आपला पातीचा कांदा बारीक असतो, लगेच जळतो, म्हणून डिसेंबर-जानेवारीत गोकुळपेठच्या बाजारात जाड दांड्याच्या जुड्या निवडून घ्या, खालची गाठ पेरूएवढी नको, अंगठ्याएवढी हवी. घरी करायचं तर गॅसवर जाळी ठेवून, 5-6 मिनिटं, मग कागदात गुंडाळून 10 मिनिटं.

मासे खात नसाल तरी मग काही कमी नाही. भाजलेलं वांगं उभं चिरून त्यावर, उकडलेले आलू तव्यावर खरपूस करून त्यावर, पनीरचे जाड तुकडे, फुलकोबी भाजून, उकडलेली अंडी चालत असतील तर तीही. भाकरीसोबत तर आहेच, वर कच्चा कांदा अन सांभार, म्हणजे कोथिंबीर. एक नको ते सांगते, पोह्यावर किंवा गरम भाजीत घालून उकळू नका. अन मासे खाणाऱ्यांसाठी, तलावातला रोहू तव्यावर नुसतं मीठ लावून भाजा अन हा सॉस बाजूला गारच ठेवा.

प्रश्न (हुडकेश्वर): किती दिवस टिकतो? मुलीला पुण्याला बाटली भरून पाठवायची आहे, वर तेलाचा थर दिला तर लोणच्यासारखा राहील का?

नाही ताई, हे कृपा करून करू नका. लोणच्यात मीठ अन आंबटपणा भरपूर असतो म्हणून ते टिकते, यात तेवढा नाही. लसूण जमिनीतून येतो, त्याच्यासोबत मातीतले काही जंतू येऊ शकतात, अन तेलाच्या थराखाली हवा पोचत नाही, अशा जागी बोट्युलिझमचे जंतू वाढतात. त्यांच्या विषाला ना वास असतो ना चव, सॉस पाहून काही कळत नाही, अन माणूस गंभीर आजारी पडतो. प्रवासातल्या गरम बाटलीत तर अजिबात नको.

फ्रीजमध्ये, स्वच्छ कोरड्या काचेच्या बाटलीत, 4 ते 5 दिवस. केल्यावर बाहेर तासाभराच्या वर ठेवू नका, मे महिन्यात तर लगेच आत. फ्रीझरमध्ये लहान डब्यांत दोन महिने छान राहतो, वापरायच्या आदल्या रात्री खाली फ्रीजमध्ये काढा, थोडं पाणी सुटेल, चमच्यानं हलवलं की परत एकजीव होतो. दुसऱ्या दिवशी चव पहिल्या दिवसापेक्षा चांगली लागते, लसूण अन व्हिनेगर मुरतात, म्हणून पाहुणे उद्या येणार असतील तर आजच करा.

मुलीला पाठवायचंच असेल तर कोरडं पाठवा. भाजलेल्या बदामाची अन कडक ब्रेडची भरड, बिया काढलेल्या ब्याडगी, छोटी पाप्रिकेची पुडी. टमाटर, मिरची, लसूण तिनं तिथे भाजायचे. अर्धं काम झालेलं असते अन बिघडायचं काही नसते.

प्रश्न (सदर, होस्टेलवर राहतो): ताई, माझ्याकडे फक्त इंडक्शन अन एक तवा आहे. मिक्सर नाही. जमेल का?

जमते रे बाळा, चांगलं जमते. इंडक्शनवर ज्वाळा नाही म्हणून मिरची अख्खी भाजायचा प्रयत्न करू नको. लाल सिमला मिरचीचे चार उभे काप कर, बिया काढ, साल खाली करून तव्यावर सपाट दाबून ठेव, वर पाण्यानं भरलेलं पातेलं ठेवलं तरी चालेल वजनाला, म्हणजे पूर्ण साल तव्याला टेकते. मध्यम-मोठ्या आचेवर 10-12 मिनिटं, साल काळं पडलं की डब्यात झाकून ठेव अन सोल. त्याच तव्यावर टमाटर कापलेली बाजू खाली ठेवून 15 मिनिटं, मग उलटे, अजून 10. हलवत बसू नको, एका जागी राहू दे, हलवलं की रस सुटून ते शिजायला लागतात. तवा नॉनस्टिक असेल तर आच मध्यमच ठेव, रिकामा खूप तापवू नको.

लसूण सालासकट कडेला. बदाम शेवटी, तवा पुसून. मिक्सर नाही तर बदाम स्वच्छ कापडात बांधून लाटण्यानं किंवा बत्त्यानं ठेच, ब्रेड कडक करून हातानं चुरा, टमाटर-मिरची सुरीनं एकदम बारीक चिरून मग काटा चमच्यानं ठेच. ब्याडगी भिजवून चमच्यानं गर खरवड. सगळं वाटीत घाल, व्हिनेगर, मीठ, मग तेल थोडं थोडं करून हलव. जाडसर होईल, तसाच छान लागतो. होस्टेलच्या मेसच्या पोळीवर लाव, आत उकडलेलं अंडं किंवा आलू ठेव अन गुंडाळ. आठ-दहा जण असाल तर प्रमाण दुप्पट कर, पण टमाटर तव्यावर एकावर एक रचू नको, दोन खेपा कर.